गंगाधरपंत शिरोलीत

गंगाधरपंत गायतोंडे हे पुण्यातले इतिहासाचे प्राध्यापक. व्यासंग मोठा, आणि सभांच्या अध्यक्षस्थानी बसण्याचा योग इतक्या वेळा आलेला की हजारावं अध्यक्षीय भाषण पानिपतच्या परिसंवादात व्हायचं होतं. पानिपतचा निकाल उलटा लागला असता तर काय झालं असतं, हा विचार डोक्यात घोळत असताना ते एका ट्रकला धडकले. त्यानंतर दोन दिवस ते ज्या हिंदुस्थानात वावरले, तिथे 14 जानेवारी 1761 ची लढाई मराठ्यांनी जिंकलेली होती.

हा माणूस प्रत्यक्षात कधी नव्हता. जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेचा तो नायक. ही कथा ‘यक्षांची देणगी’ या संग्रहात आहे, आणि तिचं इंग्रजी रूप अकरावीच्या ‘हॉर्नबिल’ या एनसीईआरटीच्या पुस्तकात देशभरातली मुलं वाचतात. मी कोल्हापूरजवळ शिरोली एमआयडीसीत एका फौंड्रीची लॅब सांभाळतो. वाळूची ओल, लोखंडातला कार्बन, फोडलेल्या तुकड्याचा रंग, हे माझं रोजचं काम. तरीही काळाचा अभ्यास म्हटलं की मला कुणी तत्त्वज्ञ आठवत नाही, गंगाधरपंत आठवतात. का, ते सांगायला भट्टीपाशी जावं लागेल. त्याआधी त्यांची गोष्ट पुरी करतो.

पंत त्या दुसऱ्या हिंदुस्थानात जिजामाता एक्स्प्रेसनं मुंबईला येतात. मुंबईत ईस्ट इंडिया कंपनीचा कारभार अजून चालू असतो. ते मुलाला शोधत एका कचेरीत जातात आणि तिथे त्या नावाचा कुणी माणूसच नसतो. कथेत हा प्रसंग दोन-चार ओळींत उरकतो, पण मला तो फार लागतो. मराठे जिंकले त्या जगात आपल्या मुलाचं नाव कुठल्याच हजेरीपटावर नाही, ही त्या विजयाची किंमत पंतांना सगळ्यांत आधी कळते.

मग ते जे करतात, त्यासाठी मी त्यांना मानतो. दुसरा कुणी मैदानात धावत सुटला असता, पोलिसांकडे गेला असता, देवाचा धावा केला असता. पंत टाऊन हॉलच्या ग्रंथालयात जातात आणि इतिहासाचे खंड मागतात. त्यात त्यांनी स्वतः लिहिलेले पाच खंडही असतात. पहिला अशोकापर्यंत, दुसरा समुद्रगुप्तापर्यंत, तिसरा महंमद घोरीपर्यंत, चौथा औरंगजेबाच्या मृत्यूपर्यंत. चारही ओळखीचे, कुठे काही बदललेलं नाही. म्हणजे फाटा पाचव्यात आहे. तो खंड ते दोन्ही टोकांकडून आत वाचत येतात. पुढून थोडं, मागून थोडं, जिथवर सगळं आपल्याला माहीत आहे तिथवर, आणि जिथून सगळं अनोळखी आहे तिथवर. असं करत करत ते एका क्षणाशी पोचतात. आपल्या जगात पानिपतावर पेशवेपुत्र विश्वासरावांना गोळी लागली. त्या जगात ती कानाजवळून निघून गेली. हे सांगणाऱ्या बखरीचा तो मजकूर वाचून होतो, आणि नकळत ती बखर त्यांच्या खिशात जाते.

ही कथा मराठ्यांच्या मनातल्या जुन्या दुखण्यावर घातलेली फुंकर आहे, असं म्हणणारे मला भेटले आहेत. मला ते पटत नाही. त्या दुसऱ्या हिंदुस्थानात पेशव्यांनी काय केलं ते नीट वाचावं. त्यांनी युरोपातली नवी यंत्रविद्या ओळखली, तिच्यासाठी आपल्याकडे केंद्रं उभी केली, आणि कंपनीची मदत घेतली ती आपले लोक स्वतःच्या पायावर उभे राहीपर्यंतच. नारळीकरांच्या मनात लढाईतल्या विजयापेक्षा हे जास्त असणार, असं मला वाटतं. उद्यमनगरात ज्यांनी ऑइल इंजिनं बनवली, त्या कोल्हापूरच्या मिस्त्र्यांना पानिपत जिंकल्याची वाट पाहावी लागली नाही. इंजिन उघडायचं, एकेक भाग मापायचा, तसा इथे ओतायचा, चुकला तर पुन्हा ओतायचा. शेतकऱ्यांच्या विहिरींवर ती इंजिनं फुकफुकत राहिली. तिथली जागा पुरेना म्हणून धंदा शिरोलीकडे, मग गोकुळ शिरगावकडे, पुढे कागलकडे सरकला. आज इथून देशभरातल्या गाड्यांचे ब्लॉक, हेड, ब्रेक ड्रम जातात.

आता भट्टी.

आमच्या लोखंडात साधारण सव्वातीन ते साडेतीन टक्के कार्बन असतो आणि दोन टक्क्यांच्या आसपास सिलिकॉन. 1,400 अंशांच्या जवळपास ते लॅडलमधून, म्हणजे ओतायच्या भांड्यातून, साच्यात उतरतं. गोठताना त्यातल्या कार्बनपुढे दोन वाटा असतात. एक, तो सुटा होऊन ग्रॅफाइटच्या पापुद्र्यांसारखा लोखंडात पसरतो. असं कास्टिंग फोडलं की आतून करडं दिसतं, लेथवर सहज कापतं, हादरे पोटात घेतं. दुसरी वाट, तो लोखंडाशीच बांधला जाऊन सिमेंटाइट होतो. मग आतलं अंग पांढरं, चकाकतं, इतकं कडक की टूल टेकवलं तर टूलची धार जाते, आणि वर हातोडा बसला तर तुकडे. कार्बन तेवढाच, सिलिकॉन तेवढंच, भट्टी तीच. शुद्ध लोखंड आणि कार्बनच्या मिश्रणात पहिली वाट सुमारे 1,153 अंशांना उघडते आणि दुसरी 1,147 ला. मध्ये फक्त सहा अंश. सिलिकॉन हे अंतर रुंद करतं, म्हणून तर आमचा धंदा चालतो. तरीसुद्धा पातळ भिंतीचं कास्टिंग असेल, साचा ओला असेल, थंडी झपाट्यानं आत शिरली असेल, तर पहिल्या वाटेवर पाऊल पडायच्या आतच लोखंड दुसरीवर घसरतं.

ते घसरू नये म्हणून ओतण्याच्या आधी लॅडलमध्ये फेरोसिलिकॉनचा चुरा टाकतात. लोखंडाच्या मानानं तो किती, तर हजारात दोन-तीन भाग. त्याच्या कणांभोवती ग्रॅफाइटला जन्मायला जागा मिळते. पण हा गुण टिकत नाही. दहा-पंधरा मिनिटांत बराचसा उतरतो, आणि मग त्याच लॅडलमधून ओतलेलं शेवटचं कास्टिंग पहिल्यासारखं राहत नाही. भट्टीवर आमच्याकडे एक मामा होते, आता निवृत्त झाले. मी नमुना घ्यायला गेलो आणि कुणाशी दोन शब्द बोलत राहिलो, की ते खालूनच ओरडायचे, ‘‘सायेब, बोलत थांबू नका, लोखंड म्हातारं व्हायलंय!’’ रसायनशास्त्राच्या पुस्तकात मी हे इतकं नेमकं कुठे वाचलेलं नाही.

हे लोखंड कुठल्या वाटेनं जाईल, ते आधी पाहायची एक सोपी रीत आहे. पाचरीच्या आकाराच्या छोट्या साच्यात थोडं लोखंड ओतायचं, थंड करायचं, पाण्यात विझवायचं आणि हातोड्यानं फोडायचं. आम्ही तिला वेज म्हणतो. पाचरीचं टोक पातळ, तिथे उष्णता लगेच निघून जाते, म्हणून टोक पांढरं. बूड जाड, तिथे लोखंडाला सवड मिळते, म्हणून ते करडं. मधे चितकबरा पट्टा. टोकाकडचा पांढरा भाग किती मिलिमीटर आला, यावरून लोखंड साच्यात घालायचं की पुन्हा दुरुस्त करायचं ते ठरतं. नवीन मुलं हे शिकताना मिलिमीटर मोजतात आणि तुकडा टाकून देतात. मी तो त्यांच्या हातात परत देतो. एकाच ओतण्यातल्या लोखंडाची दोन आयुष्यं एका तळहातावर शेजारी-शेजारी मावलेली दुसरीकडे कुठे दिसणार? गंगाधरपंतांना दुसऱ्या जगाचा पुरावा म्हणून बखरीचं एक फाटकं पान मिळालं. आम्हाला तसा पुरावा दर हीटला, म्हणजे भट्टीच्या प्रत्येक वितळणीला, मिळतो.

साम्य इथेच थांबतं, हेही सांगायला हवं. कथेत पंतांचा मित्र राजेंद्र देशपांडे त्यांना दोन गोष्टी समजावून सांगतो. एक, काही प्रसंगी अगदी लहान फरकानं पुढचं सगळं बदलतं, हा कॅटॅस्ट्रॉफी सिद्धान्त. दुसरी, अणूच्या पोटातल्या घटनांचं भाकीत करता येत नाही. तिथे इलेक्ट्रॉन इथे मिळेल की तिथे, हे आधी सांगता येत नाही, फक्त शक्यता सांगता येतात. आपण पाहतो ते एक जग. बाकीची न पाहिलेली का नसतील? लोखंडाला यातला पहिला मुद्दा लागू आहे, दुसरा नाही. तापमान, जाडी, रसायन माहीत असेल तर लोखंड कुठे जाईल हे सांगता येतं. म्हणूनच तर फौंड्रीत जबाबदारी कुणाची हा प्रश्न विचारता येतो. विश्वासरावांच्या गोळीबद्दल तसा हिशोब मांडता येत नाही. तिथे पंतांनाही शेवटी न सुटलेल्या कोड्यापाशीच थांबावं लागतं.

पण पंतांची रीत मात्र मी उचलली आहे. एकदा एका गिऱ्हाइकाकडून कास्टिंगं परत आली. मशीनवर चढवल्यावर एका कोपऱ्यात टूल तुटत होतं. त्या कोपऱ्यात सिमेंटाइट. मीटिंगमध्ये जो तो आपला तर्क सांगू लागला. वाळू वाईट होती, स्क्रॅप वाईट होतं, लेथवाल्याचीच चूक होती. मी कास्टिंगवरचा हीट नंबर पाहिला आणि दोन्ही टोकांकडून आत यायला सुरुवात केली. इकडून भट्टीचं रजिस्टर: चार्ज, स्पेक्ट्रोचा म्हणजे रसायन तपासणाऱ्या यंत्राचा रिपोर्ट, लॅडल भरल्याची वेळ. तिकडून मोल्डचा क्रम: कुठलं कास्टिंग चांगलं, कुठलं फसलेलं. पहिले काही साचे निर्दोष, शेवटचे फसलेले. मधे रजिस्टरमध्ये क्रेनवाल्यानं पेन्सिलीनं लिहिलं होतं की वीज गेली, क्रेन थांबली. लॅडल भरलेलं, हवेत लटकलेलं, आणि आत चुऱ्याचा गुण उतरत चाललेला. त्या पेन्सिलीच्या ओळीपाशी दोन्ही वाचनं येऊन मिळाली. दोष कुणा माणसाचा निघाला नाही, आणि त्यादिवशी तरी कुणाचा पगार कापला गेला नाही. ‘तसं झालं नसतं तर’ हा प्रश्न हळहळ म्हणून विचारला तर त्यातून काही निघत नाही. तोच वेळ आणि पुरावा धरून विचारला तर माणसाला न्याय मिळू शकतो.

नारळीकरांचा जन्म कोल्हापूरचा, 19 जुलै 1938. त्यांचे वडील, गणितज्ञ विष्णु वासुदेव नारळीकरही कोल्हापूरचेच. आईकडचे हुजूरबाजारही इथलेच. वडील बनारस हिंदू विश्वविद्यालयात गणित विभागाचे प्रमुख असल्यामुळे मुलाचं बालपण बनारसला गेलं. तिथे घरातल्या फळ्यावर मोरूमामा गणिताचं एखादं कोडं भाच्याच्या नावानं आव्हान म्हणून लिहून ठेवत, आणि भाचा ते सोडवल्याशिवाय राहत नसे. आमच्या लॅबमध्येही एक फळा आहे. मी त्यावर अधूनमधून एक प्रश्न लिहितो आणि उत्तर पुसत नाही.

पंतांचा निर्माता स्वतः काळाचा अभ्यासक होता, हे मला फार उशिरा कळलं. मॅक्सवेलची विद्युतचुंबकीय समीकरणं घेतली तर त्यांतून भविष्याकडे जाणाऱ्या लहरी निघतात, तशाच भूतकाळाकडे जाणाऱ्याही निघतात. मग दिवा लावल्यावर प्रकाश आपल्याला नेहमी नंतरच का दिसतो, आधी का नाही? व्हीलर आणि फाइनमन यांनी 1945 मध्ये याचं उत्तर साऱ्या विश्वातल्या द्रव्याच्या प्रतिसादात शोधलं. केंब्रिजमध्ये फ्रेड हॉइल आणि तरुण नारळीकर यांनी 1964 मध्ये ते पुढे नेलं. विश्व कसं प्रसरण पावतं, याच्याशी त्यांनी काळाच्या दिशेचा संबंध जोडला. त्यांच्या हिशोबात उत्तर जुळत होतं ते स्थिर स्थितीच्या विश्वात, म्हणजे ज्याला सुरुवात नाही अशा विश्वात.

दुसऱ्याच वर्षी, 1965 मध्ये, पेन्झियास आणि विल्सन यांनी आकाशाच्या सगळ्या दिशांनी येणारे सूक्ष्मतरंग शोधल्याचं जाहीर केलं. त्यांत महास्फोटातून झालेल्या सुरुवातीची खूण दिसल्यानं बहुतेक शास्त्रज्ञ महास्फोटाच्या बाजूला गेले. नारळीकर गेले नाहीत. प्रत्येक नवा पुरावा त्यांनी तपासला, आपल्या सिद्धान्तात दुरुस्त्या केल्या, आणि 1993 मध्ये हॉइल आणि जेफ्री बर्बिज यांच्याबरोबर अर्धस्थिर स्थितीचं विश्व मांडलं. 1972 मध्ये ते भारतात परतले, 1988 मध्ये पुण्यात आयुका ही खगोलशास्त्राची संस्था उभी राहिली, आणि 20 मे 2025 ला ते गेले. बहुमत ज्या फाट्यानं गेलं, त्याच्या दुसऱ्या बाजूला हा माणूस आयुष्यभर उभा राहिला. त्यांची बाजू खरी होती, असा दावा करण्याइतकं माझं शिक्षण नाही. पण पंत त्या दुसऱ्या जगात जसे घाबरून न जाता पुस्तकांकडे गेले, तो स्वभाव कुठून आला हे मला इथे दिसतं.

नारळीकर कथा लिहू लागले तेही असंच, स्वतःला कसोटीला लावून. 1974 मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी ‘कृष्णविवर’ पाठवली ती नारायण विनायक जगताप या नावानं. आद्याक्षरं स्वतःचीच, पण उलटी. नावाचं वजन पडू नये म्हणून. कथेला पहिलं बक्षीस मिळालं.

एमआयडीसीत काळाची दुसरीही एक विद्या चालते, आणि तिच्याबद्दल मला बोलायलाच हवं. नवीन भट्टी पेटवायची तर मुहूर्त काढतात. खंडेनवमीला मशीनला हळद-कुंकू लावलं जातं, त्याला माझी काही हरकत नाही. ज्या यंत्रावर आपलं पोट चालतं त्याला हात जोडावेसे वाटणं मला समजतं. मुहूर्ताचं तसं नाही. तिथे कुणीतरी सांगतो की अमुक मिनिट चांगलं आणि तमुक वाईट, आणि त्याला पुरावा कुणी मागत नाही. ज्योतिषाच्या बाबतीत नारळीकरांनी तो मागितला. अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या मदतीनं त्यांनी 2008 मध्ये एक चाचणी घेतली. हुशार मुलांच्या आणि मतिमंद मुलांच्या मिळून दोनशे कुंडल्या. कुठली कुणाची ते ज्योतिषांनी ओळखायचं, प्रत्येकाला चाळीस कुंडल्या. 27 ज्योतिषांची उत्तरं आली, आणि बरोबर निघण्याचं सरासरी प्रमाण 46 टक्के होतं. नाणं उडवलं असतं तरी जवळपास तेवढंच आलं असतं. मिनिटांना किंमत असते हे फौंड्रीतल्या माणसाला कुणी शिकवायला नको. लॅडल भरल्यापासून ओतेपर्यंतची मिनिटं आमचं सगळं ठरवतात. पण ती किंमत तापमानातून येते, आणि ती कुणालाही, अगदी शिकाऊ मुलालाही, मोजून दाखवता येते.

शिरोली दोन नद्यांच्या मधे आहे. दक्षिणेला पुलाखालून पंचगंगा जाते, उत्तरेला महामार्गानं थोडं गेलं की वारणा. 1731 मध्ये साताऱ्याचे शाहू आणि कोल्हापूरचे संभाजी या दोन चुलत भावांत तह झाला तो या वारणेच्या नावाचा, आणि छत्रपतींचं राज्य दोन ठिकाणी वाटलं गेलं. हे आमच्या मुलखाचं आपलं पानिपत म्हणा. तिकडे उत्तरेत पानिपतची लढाई तोंडावर आली असताना, डिसेंबर 1760 मध्ये, हे संभाजीराजे वारले आणि कोल्हापूरचा कारभार त्यांच्या राणी जिजाबाईंच्या हाती आला. शाळेत आम्हाला पानिपत दोन धडे शिकवलं आणि वारणा एका ओळीत. पंतांसारखा कुणी अभ्यासक वारणेच्या काठावर बसून हा खंड दोन्ही टोकांकडून वाचेल, अशी माझी फार इच्छा आहे. 2019 च्या महापुरात पंचगंगेचं पाणी महामार्गावर आलं आणि पुणे-बंगळूर वाहतूक कित्येक दिवस थांबली. ट्रक रांगेत उभे, त्यांत आमची कास्टिंगं. त्या दिवसांत मी कथा पुन्हा वाचली.

तेव्हा शेवट वेगळा दिसला. दुसऱ्या जगात आझाद मैदानावर सभा चाललेली असते आणि मंचावरची अध्यक्षाची खुर्ची मोकळी. पंतांना ते सहन होत नाही. ते जाऊन बसतात आणि बोलू लागतात. त्या जगानं अध्यक्षांची प्रथा केव्हाच टाकून दिलेली, म्हणून लोक चिडतात, त्यांच्या अंगावर येतात. त्या झटापटीत बखर हरवते, खिशात तिचं एक फाटकं पान तेवढं उरतं. सकाळी ते आपल्या जगातल्या आझाद मैदानात सापडतात. बरे झाल्यावर ते पानिपतच्या परिसंवादाचं अध्यक्षपद नाकारतात. हजारावं भाषण होऊन गेलं, म्हणतात.

लोक हे गमतीनं वाचतात. मला यात पंतांचा सगळ्यांत मोठा निर्णय दिसतो. विश्वासरावांच्या कानाजवळून गेलेली ती गोळी ज्यानं बखरीच्या पानावर पाहिली, तो माणूस व्यासपीठावरून पानिपताची कारणं एक-दोन-तीन अशी सांगू शकत नाही. त्याच्या खिशात उरलेल्या फाटक्या पानावर काय आहे, ते आधी नीट वाचायला हवं. त्यासाठी ग्रंथालयात खुर्ची लागते, मंचावरची नाही. पंत निवृत्त झाले असं मी मानत नाही. त्यांचं काम तिथून पुढे सुरू झालं असेल.

पुढच्या आठवड्यात रात्रपाळीला आयटीआयची दोन नवी मुलं येताहेत. त्यांतल्या एकानं मुलाखतीत विचारलं की रजिस्टरमध्ये वेळ कशाला लिहायची, वजन आणि तापमान पुरत नाही का. मी त्याला लगेच उत्तर दिलं नाही. पहिल्या हीटची वेज मी त्यालाच फोडायला देणार आहे, आणि मग त्याच लॅडलच्या तळाशी उरलेल्या लोखंडाची दुसरी.